कॉम्प्युटर तुमचा, पण त्यातल्या लाईटवर ताबा कोणाचा? जाणून घ्या 'ओपनआरजीबी'बद्दल

रात्रीचे साडेअकरा वाजलेत. वन-बीएचके घर. हॉलच्या कोपऱ्यात नवाकोरा असेंबल केलेला पीसी आहे आणि कॅबिनेटच्या काचेतून इंद्रधनुष्य गरागरा फिरतंय. तीन फुटांवर गादी घातलेली. आई कूस बदलत म्हणते, "अरे, ती जत्रा बंद कर की आता!"

मुलगा मदरबोर्ड कंपनीचं ॲप उघडतो आणि लाईट बंद करतो. मदरबोर्ड विझतो, पण रॅमच्या पट्ट्या गुलाबी जळतच असतात. त्यांचं ॲप वेगळं. ते उघडून रॅम विझवली, तर कीबोर्ड चालू. त्याचंही ॲप वेगळं, आणि ते आधी लॉगिन मागतं. कूलरच्या पंख्याचं ॲप तर अजून इन्स्टॉलच केलेलं नाही. शेवटी तो कॅबिनेटवर टॉवेल टाकतो.

हा प्रसंग काल्पनिक असला, तरी ज्यांनी सुटे पार्ट जमवून पीसी बांधलाय त्यांना तो नवा वाटणार नाही. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर किंवा ऑनलाइन सेलमध्ये आपण बजेट बघत एकेक पार्ट घेतो. मदरबोर्ड एका कंपनीचा, रॅम दुसऱ्या, पंखे तिसऱ्या, कीबोर्ड चौथ्या. कॅबिनेटमध्ये बसल्यावर ते सगळे मिळून एक कॉम्प्युटर होतात. लाईट लावायची वेळ आली, की पुन्हा चार कंपन्या होतात.

या कटकटीवर 'ओपनआरजीबी' नावाचं एक मोफत सॉफ्टवेअर आहे. ते काय करतं, कसं करतं आणि वापरावं की नाही, हे समजून घेऊया. विषय दिसायला रंगीबेरंगी लाईटचा आहे, पण आत एक गंभीर प्रश्न दडलाय: पैसे देऊन विकत घेतलेली वस्तू खरंच आपली असते का?

आधी हे आरजीबी प्रकरण समजून घेऊ

आरजीबी म्हणजे रेड, ग्रीन, ब्लू. आरजीबी एलईडीच्या एका इवल्याशा ठिपक्यात लाल, हिरवा आणि निळा असे तीन दिवे शेजारी शेजारी बसवलेले असतात. प्रत्येकाचा उजेड ० ते २५५ अशा २५६ पायऱ्यांमध्ये कमीजास्त करता येतो. २५६ ला तीनदा गुणलं की १,६७,७७,२१६ येतात. खोक्यावर '१६.८ मिलियन कलर्स' असं छापलेलं असतं, ते इथून आलं.

याचे दोन प्रकार असतात. साध्या आरजीबीची पट्टी १२ व्होल्टवर चालते, तिला चार पिनांचा कनेक्टर असतो आणि अख्खी पट्टी एका वेळी एकच रंग दाखवते. दुसरा प्रकार ॲड्रेसेबल, म्हणजे एआरजीबी. तो ५ व्होल्टवर चालतो, त्याला तीन पिना असतात आणि त्यातला प्रत्येक एलईडी वेगळा रंग दाखवू शकतो. एक महत्त्वाची गोष्ट: ५ व्होल्टची पट्टी जोर लावून १२ व्होल्टच्या जागी खुपसली, तर एलईडी जळू शकतात. हे कुठलंही सॉफ्टवेअर दुरुस्त करू शकत नाही.

एआरजीबीची गंमत अशी, की शंभर एलईडींना आज्ञा द्यायला एकच तार पुरते. लग्नाच्या पंगतीत ताटल्यांची थप्पी पहिल्या पाटावरून पुढे सरकवतात, तसं हे काम चालतं. प्रत्येक एलईडीमध्ये एक चिमुकली चिप असते. 'डब्ल्यूएस२८१२' ही त्यातली सर्वांत गाजलेली. कंट्रोलर सगळ्या रंगांची माहिती एका रांगेत पाठवतो. पहिला एलईडी त्यातले पहिले २४ बिट स्वतःसाठी ठेवतो आणि बाकीचे पुढे ढकलतो. दुसराही तेच करतो. एका एलईडीची माहिती पाठवायला साधारण ३० मायक्रोसेकंद लागतात. त्यामुळे शंभर एलईडी असले, तरी डोळ्यांना सगळे एकदमच बदलल्यासारखे वाटतात.

या पद्धतीत माहिती फक्त पुढे जाते, मागे काहीच येत नाही. म्हणजे आपल्या तारेवर किती एलईडी बसलेत, हे कंट्रोलरला कळत नाही. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

मग घोडं अडतं कुठे?

तुमच्या कीबोर्डचाच विचार करा. तो कुठल्याही कंपनीचा असो, यूएसबीला लावला की टायपिंग सुरू होतं. विंडोज असो, लिनक्स असो वा मॅक, 'क' दाबला की 'क' उमटतो. कारण कीबोर्ड आणि माउसने कॉम्प्युटरशी कोणत्या भाषेत बोलायचं, याचं सार्वजनिक मानक १९९० च्या दशकातच ठरलं. त्याला एचआयडी म्हणतात. हे मानक सर्वांसाठी खुलं आहे.

पण त्याच कीबोर्डच्या बटणांखालचे दिवे? त्यांच्यासाठी असं काही ठरलं नव्हतं. म्हणून प्रत्येक कंपनीने आपापली भाषा तयार केली. असूसची 'ऑरा सिंक', एमएसआयची 'मिस्टिक लाईट', गिगाबाइटची 'आरजीबी फ्यूजन', ॲसरॉकची 'पॉलिक्रोम', रेझरची 'क्रोमा', लॉजिटेकची 'लाईटसिंक'. कॉर्सेअरचे दिवे 'आयक्यू' या ॲपमधून चालतात, तर एनझेडएक्सटीचे 'कॅम'मधून. यातल्या काही कंपन्यांनी आपसात हातमिळवणी केली आहे, पण तिचा उपयोग त्यांच्या यादीतल्या वस्तूंपुरताच. आणि ही बहुतेक ॲप्स फक्त विंडोजसाठी बनलेली असतात. लिनक्स वापरणाऱ्याने तोच मदरबोर्ड तेवढ्याच पैशांत घेतला, तरी लाईटचं बटण त्याच्या हातात येत नाही.

कंपन्या असं का करतात, हे समजायला अवघड नाही. ॲप तुमच्या पीसीवर बसलं, की कंपनीला कायमची जागा मिळते. तिथे नव्या वस्तूंची जाहिरात करता येते, खातं उघडायला लावता येतं. शिवाय 'सगळे पार्ट आमचेच घ्या, म्हणजे सगळे दिवे एका तालात नाचतील' असं सांगून पुढची खरेदीही पक्की करता येते.

यात अजून एक गंमत आहे. खोकी वेगवेगळ्या कंपन्यांची असली, तरी लाईट चालवणारी चिप पुष्कळदा एकाच कारखान्यातली असते. तैवानच्या 'ईएनई टेक्नॉलॉजी' या कंपनीचे लाईट कंट्रोलर असूसच्या कित्येक मदरबोर्डवर सापडतात आणि वेगवेगळ्या ब्रँडच्या रॅमवरही. म्हणजे आतली चिप एकाच घरची, फक्त बाहेरची ॲप्स एकमेकांशी बोलत नाहीत.

लाईटसाठी तिजोरीची चावी

चार ॲप्स पार्श्वभूमीला चालत राहिली, तर मेमरी आणि प्रोसेसर थोडा खर्ची पडतो. पण खरा धोका तो नाही.

मदरबोर्ड आणि रॅमवरच्या लाईटशी बोलायचं तर सॉफ्टवेअरला हार्डवेअरच्या थेट आत शिरावं लागतं. विंडोज साध्या ॲपला तशी परवानगी देत नाही. म्हणून कंपन्या ॲपसोबत एक 'ड्रायव्हर' बसवतात. तो ऑपरेटिंग सिस्टिमच्या गाभ्यात, म्हणजे कर्नलमध्ये चालतो. सोसायटीच्या वॉचमनला गेटवरचा दिवा लावता यावा म्हणून प्रत्येक फ्लॅटची चावी द्यावी, तसला हा प्रकार. वॉचमन प्रामाणिक असेल, पण चाव्यांचा जुडगा त्याने खुंटीला उघडाच लटकवला असेल तर?

हे नुसतं भय दाखवणं नाही. डिसेंबर २०१८ मध्ये 'सिक्युअरऑथ' या सुरक्षा संस्थेच्या संशोधकांनी असूसच्या ऑरा सिंकसोबत येणाऱ्या ड्रायव्हरमधल्या त्रुटी जाहीर केल्या. मशीनवर आधीच शिरलेला साधा प्रोग्रॅमही त्यांचा फायदा घेऊन सर्वोच्च अधिकार मिळवू शकत होता. गिगाबाइटच्या युटिलिटींमधल्या ड्रायव्हरबद्दलही त्याच सुमारास असेच अहवाल प्रसिद्ध झाले. गिगाबाइटच्या त्या जुन्या ड्रायव्हरचं पुढे काय झालं, ते फेब्रुवारी २०२० मध्ये 'सोफोस' कंपनीने उघड केलं. 'रॉबिनहूड' नावाचं खंडणीखोर मालवेअर तोच ड्रायव्हर स्वतःसोबत घेऊन यायचं, त्याच्या जोरावर अँटीव्हायरस बंद पाडायचं आणि मग फायली कुलूपबंद करायचं. ड्रायव्हरवर अधिकृत सही असल्यामुळे विंडोज त्याला अडवत नव्हतं.

ऑगस्ट २०२१ मध्ये आणखी एक प्रकार समोर आला. रेझरचा माउस विंडोज मशीनला लावला, की 'सिनॅप्स' या ॲपचा इन्स्टॉलर आपोआप उतरायचा आणि तोही सर्वोच्च अधिकारांसह चालायचा. त्यातल्या फोल्डर निवडायच्या खिडकीतून कमांड लाइन उघडली, की माउस लावणाऱ्याच्या हाती अख्खा कॉम्प्युटर! कंपनीने पुढे ही त्रुटी दुरुस्त करायला घेतली. पण लाईट आणि बटणं सेट करण्यासाठी आपण किती मोठे दरवाजे उघडे ठेवतो, हे सगळ्यांना दिसलं.

ओपनआरजीबी आलं कुठून?

'कॅल्कप्रोग्रामर१' या नावाने ओळखला जाणारा ॲडम होन्स हा या प्रकल्पाचा जनक. त्याने आधी 'कीबोर्ड व्हिज्युअलायझर' नावाचा प्रोग्रॅम लिहिला होता. गाणं वाजलं की वेगवेगळ्या कंपन्यांच्या कीबोर्डचे दिवे त्या तालावर नाचावेत, एवढीच त्यामागची हौस. पण त्यासाठी प्रत्येक कंपनीचं सॉफ्टवेअर मशीनवर असणं भाग होतं, आणि लिनक्सवर तर ते मिळतच नव्हतं.

मग त्याने कंपन्यांची ॲप्स मध्ये न आणता थेट हार्डवेअरशी बोलायचं ठरवलं. सुरुवात असूसच्या ऑरा लाईटपासून झाली, म्हणून प्रकल्पाचं पहिलं नाव होतं 'ओपनऑराएसडीके'. हळूहळू इतर कंपन्यांचं हार्डवेअरही त्यात येऊ लागलं. नुसतं 'ऑरा' हे नाव तोकडं पडलं आणि प्रकल्प 'ओपनआरजीबी' झाला.

आज हे सॉफ्टवेअर विंडोज, लिनक्स आणि मॅकओएसवर चालतं. मदरबोर्ड, रॅम, ग्राफिक्स कार्ड, कीबोर्ड, माउस, पंखे, कूलर अशी शेकडो उपकरणं ते ओळखतं आणि एकाच खिडकीत आणून ठेवतं. ते मोफत आहे, खातं उघडावं लागत नाही, लॉगिन नाही. त्याचा सोर्स कोड जीपीएल या परवान्याखाली खुला आहे. म्हणजे कोणीही तो वाचू शकतो, बदलू शकतो, वाटू शकतो. अट एवढीच, की बदललेली आवृत्ती वाटायची तर तीही तशीच खुली ठेवायची.

दुसरी सॉफ्टवेअरही त्याला नेटवर्कवरून आज्ञा देऊ शकतात. त्यासाठी त्याने ६७४२ हा पोर्ट क्रमांक निवडलाय. जुन्या बटणांच्या मोबाईलवर ६, ७, ४ आणि २ या बटणांवरची इंग्रजी अक्षरं आठवून बघा. त्यात ओ, आर, जी, बी सापडतात!

कंपनी भाषा सांगत नाही, मग ती कळते कशी?

याला रिव्हर्स इंजिनिअरिंग म्हणतात. नाव भारदस्त असलं, तरी त्याचा साध्यातला साधा प्रकार कोणालाही समजेल असा आहे.

समजा, एका कीबोर्डची भाषा शोधायची आहे. विंडोजवर कंपनीचं अधिकृत ॲप चालू करायचं. सोबत 'वायरशार्क'सारखा प्रोग्रॅम लावायचा, जो यूएसबीच्या तारेवरून जाणारा प्रत्येक बाइट टिपून ठेवतो. मग ॲपमध्ये सगळा कीबोर्ड लाल करायचा. तारेवरून आकड्यांची एक लांबलचक ओळ जाते. त्यानंतर कीबोर्ड हिरवा करायचा. पुन्हा एक ओळ. आता दोन्ही ओळी शेजारी ठेवायच्या.

जवळपास सगळे आकडे सारखेच दिसतात. फक्त एका जागी पहिल्या ओळीत २५५, ०, ० आहे आणि दुसऱ्या ओळीत ०, २५५, ०. रंग कुठे लिहिला जातो, ते सापडलं! मग एकच बटण बदलून बघायचं, मग उजेड कमी करून, मग इफेक्टचा वेग वाढवून. दरवेळी एकच गोष्ट बदलायची आणि कुठला आकडा हलला ते टिपायचं. लहानपणी 'दोन चित्रांतले फरक ओळखा' खेळायचो, तसंच.

अर्थात, सगळं इतकं सरळ नसतं. काही चिप्सना लालच्या आधी हिरवा आकडा लागतो. डब्ल्यूएस२८१२ त्यातलीच. क्रम चुकला, की लाल मागितल्यावर हिरवा पेटतो. काही उपकरणं शेवटी एक पडताळणीचा आकडा मागतात आणि तो जुळला नाही तर आज्ञाच मानत नाहीत. एवढी खटपट झाली, की त्या उपकरणासाठी कोड लिहिला जातो. ते उपकरण ज्यांच्याकडे आहे असे लोक तो तपासतात आणि मग तो मुख्य सॉफ्टवेअरमध्ये जातो. एकाने एकदा शोधलेली भाषा त्यानंतर जगातल्या प्रत्येकाला फुकट वापरता येते.

हे कायदेशीर आहे का? भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातल्या कलम ५२ मध्ये याबद्दल स्पष्ट सवलत आहे. स्वतंत्रपणे बनवलेला प्रोग्रॅम दुसऱ्या प्रोग्रॅमसोबत चालावा यासाठी गरजेची माहिती सहज उपलब्ध नसेल, तर प्रोग्रॅमचा कायदेशीर वापर करणाऱ्याने ती मिळवण्यासाठी केलेल्या आवश्यक गोष्टी कॉपीराइटचा भंग ठरत नाहीत. युरोपीय संघाच्या कायद्यातही यासाठी सोय आहे. कंपनीचा कोड उचलून आपल्या नावावर खपवणं मात्र वेगळं, त्याला ही सवलत लागू नाही.

पण थांबा, यात धोका नाही का?

आहे. आणि तो लपवून ठेवण्यात अर्थ नाही.

यूएसबीवरच्या कीबोर्ड-माउसबाबत जोखीम तुलनेने कमी असते. रॅम आणि बऱ्याच मदरबोर्डचे दिवे मात्र 'एसएमबस' नावाच्या अंतर्गत तारेवर असतात. ही तार म्हणजे चाळीतला सामायिक नळ. लाईटचा कंट्रोलर तिच्यावर असतो, तापमान मोजणारे सेन्सर असू शकतात, आणि रॅमची ओळखपाळख साठवणारी 'एसपीडी' चिपही तिथेच. इथे प्रत्येकाला एक पत्ता असतो. लाईटसाठीची आज्ञा चुकून भलत्याच पत्त्यावर गेली, तर बिघाड लाईटपुरता राहीलच असं नाही.

असं घडलेलंही आहे. काही गिगाबाइट मदरबोर्डवर विशिष्ट पत्ते वाचताना लाईट किंवा अख्खा बोर्डच निकामी झाल्याच्या तक्रारी आल्याचं ओपनआरजीबीच्या माहितीपत्रकात नमूद आहे. सुरुवातीच्या आवृत्त्यांमुळे काही एमएसआय मदरबोर्ड आणि एसरच्या प्रिडेटर लॅपटॉपनाही फटका बसला होता. त्यानंतर एमएसआयसाठीचा कोड बदलला गेला आणि त्या लॅपटॉपचा सपोर्ट काढून टाकला गेला. कंपनीने भाषा लिहून दिली असती, तर अंधारात चाचपडायची वेळच आली नसती हे खरं. पण ज्याचा बोर्ड गेला, त्याला या युक्तिवादाने काय दिलासा मिळणार?

दुसरा धोका मघाचाच, ड्रायव्हरचा. विंडोजवर एसएमबसपर्यंत पोहोचायला ओपनआरजीबीलाही ड्रायव्हर लागतोच. त्यासाठी त्याने 'विनरिंग०' हा जुना ड्रायव्हर वापरला होता. पंख्यांचा वेग आणि तापमान सांभाळणारी कित्येक मोफत ॲप्सही त्याच्यावरच अवलंबून होती. त्यात २०२० मध्ये नोंदली गेलेली एक गंभीर त्रुटी होती. मार्च २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्ट डिफेंडरने या ड्रायव्हरला धोकादायक ठरवून अडवायला सुरुवात केली आणि अशी अनेक ॲप्स एका रात्रीत लंगडी झाली. पुढच्या आवृत्त्यांसाठी ओपनआरजीबीने 'पॉनआयओ' या नव्या ड्रायव्हरचा रस्ता धरला.

म्हणजे ओपन सोर्स असलं की आपोआप सुरक्षित, असं नसतं. फरक इतकाच, की इथे काय चाललंय ते कोणालाही उघडून बघता येतं आणि चूक सापडली की ती सर्वांसमोर मांडली जाते.

वापरायचंच असेल तर हे लक्षात ठेवा

१. अधिकृत ठिकाणाहूनच घ्या. ओपनआरजीबी डॉट ऑर्ग ही प्रकल्पाची साइट आहे. कोणी पैसे मागत असेल किंवा 'क्रॅक' देत असेल, तर तिथून पळा. मोफत वस्तूला क्रॅक कशाला लागतो?

२. आधी यादी बघा. तुमचा नेमका मॉडेल क्रमांक सपोर्टच्या यादीत आहे का, ते तपासा. 'त्याच सीरिजचा आहे, चालेल' असं धरून चालू नका.

३. कंपनीची लाईटची ॲप्स पूर्ण बंद करा. नुसती खिडकी बंद करून भागत नाही, त्यांच्या पार्श्वभूमीवरच्या सेवाही थांबवाव्या लागतात. एकाच चिपला दोन सॉफ्टवेअर आज्ञा देऊ लागली, की दिवे लुकलुकतात किंवा भलतंच वागतात.

४. एलईडींची संख्या स्वतः भरा. एआरजीबी पट्टी मदरबोर्डच्या हेडरला लावली आणि ओपनआरजीबीत ती पेटेना, तर लगेच घाबरू नका. कंट्रोलरला एलईडी मोजता येत नाहीत, हे वर पाहिलंच. पंख्यावर किती एलईडी आहेत, तो आकडा सॉफ्टवेअरमध्ये टाकावा लागतो.

५. 'एसएमबस' तपासणीच्या बटणांना हात लावू नका. ती डेव्हलपरसाठी आहेत. 'बघू तरी काय होतं' या उत्सुकतेची किंमत एक मदरबोर्ड असू शकते.

६. दर मिनिटाला 'सेव्ह टू डिव्हाइस' करू नका. काही उपकरणांमध्ये रंग चिपच्या मेमरीत कायमचा साठवता येतो. ही मेमरी ठरावीक वेळाच लिहिता येते. रोजच्या प्रयोगांसाठी साधा 'डायरेक्ट' मोड पुरेसा आहे.

७. लिनक्सवर थोडी तयारी लागते. साध्या वापरकर्त्याला उपकरणांपर्यंत पोहोचता यावं म्हणून 'यूडेव्ह'चे नियम बसवावे लागतात आणि रॅम-मदरबोर्डसाठी 'आयटूसी'चं मॉड्यूल चालू करावं लागतं. दोन्हीच्या पायऱ्या प्रकल्पाच्या मदत-पानांवर दिल्या आहेत.

८. ऑनलाइन गेम खेळता? काही गेमच्या अँटी-चीट यंत्रणा हार्डवेअरपर्यंत पोहोचणारे ड्रायव्हर अडवतात. गेम सुरू होत नसेल, तर संशयितांच्या यादीत लाईटचं सॉफ्टवेअरही असू द्या. मग ते कंपनीचं असो वा ओपन सोर्स.

आणि तुमच्याकडे सगळं एकाच कंपनीचं असेल, ॲप नीट चालत असेल, तर बदलायची काहीच गरज नाही. फक्त ते ॲप अपडेट ठेवा.

मायक्रोसॉफ्टलाही जाग आली

सप्टेंबर २०२३ मध्ये विंडोज ११ मध्ये 'डायनॅमिक लाइटिंग' नावाची सोय आली. सेटिंग्जमधल्या पर्सनलायझेशनमध्ये ती सापडते. तिच्या मुळाशी 'लॅम्पॲरे' नावाचं खुलं मानक आहे, आणि ते टायपिंगसाठी वापरल्या जाणाऱ्या त्याच एचआयडी कुटुंबातलं आहे. हे मानक पाळणारं उपकरण कॉम्प्युटरला स्वतःच सांगतं, 'माझ्याकडे इतके दिवे आहेत, ते अमुक जागी आहेत.' मग ना वेगळं ॲप लागतं, ना रिव्हर्स इंजिनिअरिंग. मानक खुलं असल्यामुळे लिनक्सवालेही त्याचा उपयोग करू शकतात.

मग प्रश्न सुटला का? अजून नाही. हे मानक पाळायचं की नाही, ते कंपनीच्या मर्जीवर आहे. आधी विकल्या गेलेल्या असंख्य वस्तूंना ते येत नाही. आणि एसएमबसवरची रॅम सहसा त्याच्या कक्षेबाहेरच राहते. तोपर्यंत जुन्या आणि मिश्र पीसीवाल्यांसाठी ओपनआरजीबीसारख्या प्रकल्पांना पर्याय नाही.

लाईट विझली, प्रश्न उरला

आता पुन्हा त्या हॉलमध्ये जाऊ. ओपनआरजीबीत मुलाने सगळ्या उपकरणांचा रंग काळा केला, म्हणजे ०, ०, ०, आणि ते 'रात्र' नावाने प्रोफाइल म्हणून साठवलं. आता एका क्लिकवर मदरबोर्ड, रॅम, पंखे, कीबोर्ड सगळं शांत. कॉम्प्युटर झोपवताना ठरावीक प्रोफाइल आपोआप लागावं, अशीही सोय त्यात आहे. टॉवेल परत बाथरूममध्ये गेला.

लाईट ही तशी क्षुल्लक गोष्ट. पण कंपनीने उद्या जुन्या मॉडेलचा सपोर्ट थांबवला, ॲप नव्या विंडोजवर चाललं नाही किंवा कंपनीच बंद पडली, तर काय? एलईडी शाबूत, चिप शाबूत, तार शाबूत. फक्त त्यांच्याशी बोलायचे शब्द एका कंपनीच्या कपाटात बंद. आज हे कीबोर्डच्या दिव्याचं आहे. पण घरातला स्मार्ट बल्ब, टीव्ही, वॉशिंग मशीन, उद्याची इलेक्ट्रिक स्कूटर, सगळ्यांना हाच प्रश्न लागू होतो.

म्हणून पुढच्या वेळी खरेदी करताना 'किती मिलियन कलर्स?' यासोबत अजून एक प्रश्न विचारा: 'हे कंपनीच्या ॲपशिवाय चालतं का?' दुकानदाराला कदाचित उत्तर ठाऊक नसेल. पण गिऱ्हाईक विचारू लागलं, की उत्तरं शोधावी लागतात.